सहा नावांनी गाजलेला माणूस : आंद्रे डीड

जुनी_रिळं

मूकपटातला विनोद म्हटलं की चॅप्लिन, कीटन, लॉईड ही तीन नावं कुणालाही येतात. जरा खोलात गेलेला माणूस मॅक्स लिंडरचं नाव घेतो आणि चॅप्लिन त्याला गुरू मानायचा हेही आवर्जून सांगतो. पण पाथे या फ्रेंच सिनेमा-कंपनीत लिंडरला रान मोकळं मिळालं ते कुणाच्या जाण्याने, हे फारसं कुणी सांगत नाही. तो गेलेला माणूस म्हणजे आंद्रे डीड. बरेच दिवस त्याच्यावर लिहायचं डोक्यात होतं.

मूळ आडनाव शापे. जन्म २२ फेब्रुवारी १८७९ चा, ल हाव्र या फ्रान्सच्या बंदरातला. कसरती करायचा, गायचाही. पॅरिसमध्ये फोली बेर्जेर आणि शातले या दोन्ही थिएटरांत त्याने कामं केली. शातलेमध्ये त्या काळी पऱ्या, राक्षस, सरकते पडदे आणि जमिनीतून वर येणारी माणसं असले थाटमाटाचे खेळ व्हायचे. पडद्यावर जादू करणारा दिग्दर्शक जॉर्ज मेलिएस आपल्या सिनेमांसाठी माणसं उचलायचा ती अशाच रंगभूमीवरून. डीडही त्याच्याकडे पोचला.

१९०१ चा मेलिएसचा एक दीड-दोन मिनिटांचा तुकडा आहे, त्यात डीड पिएरोच्या, म्हणजे पांढऱ्या झग्यातल्या विदूषकाच्या, वेशात बसलेला दिसतो. त्याला बाटली हवी असते, तर हात खांद्यापासून सुटून बाटली आणायला जातो. पाईप पेटवायचा असतो, तर मुंडकं धडावरून उडून मेणबत्तीपाशी जातं. पाय वेगळेच भटकतात. हे सगळं चालू असताना त्याच्या चेहऱ्यावर आश्चर्य असं नाहीच, थोडा वैताग आहे, घरातल्या पोरांनी ऐकू नये तसा. पुढची वीस वर्षं हा माणूस जे करणार होता त्याचं बीज मला तरी इथेच दिसतं. त्याचं शरीर त्याचं ऐकत नाही.

१९०६ च्या सुमाराला तो पाथेकडे गेला आणि 'बुआरो' जन्माला आला. बुआरो म्हणजे एक धांदरट पोरगा. आज घर बदलतोय, उद्या कुठे उमेदवारी करतोय, परवा आणखी काही, आणि जिथे जाईल तिथे मोडतोड. तेव्हा एक विनोदी फीत शंभर ते दोनशे मीटरची असायची. शंभर मीटर म्हणजे साडेपाच मिनिटांच्या आसपास. १९०७ मध्ये पाथेने फिती विकणं बंद करून भाड्याने द्यायला सुरुवात केली. थिएटरवाल्याला आता सतत नवा माल लागणार होता. अशा वेळी तोच चेहरा, तोच अवतार आणि दर वेळी नवा गोंधळ हे गणित कंपनीला फार सोयीचं होतं. सिनेमातल्या विनोदी मालिकांची सुरुवात शोधायला गेलं की बुआरोपाशी थांबावं लागतं ते म्हणून.

१९०८ संपता संपता इटलीतल्या तोरिनोच्या इताला फिल्म कंपनीचा जोव्हान्नी पास्त्रोने याने डीडला पाथेकडून फोडलं. बुआरो हे नाव पाथेचं, ते बरोबर नेता येईना. तोरिनोत नवं नाव पडलं, क्रेतिनेत्ती. हेच सिनेमे फ्रान्समध्ये गेले की तो ग्रिबूय व्हायचा, इंग्लंडमध्ये फूल्सहेड, स्पेनमध्ये तोरिबियो, रशियात ग्लुपिश्किन. १९०९ ते १९११ या तीन वर्षांत असे शंभराच्या घरात सिनेमे निघाले, आणि त्यातले बहुतेक त्याचे त्यानेच दिग्दर्शित केले. चॅप्लिन कॅमेऱ्यासमोर उभा राहायला अजून अवकाश होता.

इतका गाजलेला माणूस इतका साफ पुसला कसा गेला, याला माझ्या मते हेच मुख्य कारण आहे. लोकांना नट माहीतच नव्हता. त्यांना माहीत होतं ते कंपनीने दिलेलं नाव, आणि ते दर सीमेवर बदलत होतं.

कुणी याचं काही पाहिलं असेल तर लिहा. पुढचं प्रतिसादांत टाकतो.

सुपारी_कात्रण

वाचनखूण साठवली. मला फक्त लिंडर माहीत होता.

खडूस_काकू

लेख छान, पण नट काही पटला नाही बाई. तुमचा धागा बघून दोन सिनेमे जालावर शोधून पाहिले. एकात तो नटूनथटून लग्नाला निघतो आणि गावातल्या सगळ्या बायका त्याच्या मागे लागतात. दुसऱ्यात नाताळच्या झाडावरचा सगळा खाऊ फस्त करतो आणि त्यापायी स्वर्गात काय जातो, नरकात काय जातो. दोन्हींत आदळआपट. दहा मिनिटं झाली की मला टेबलं आणि कपबशा मोजायचा कंटाळा आला. कीटन पडतो तेव्हा काळजाचा ठोका चुकतो. हा पडतो तेव्हा पडला, बरं, पुढे.

आणि त्या 'बायकां'मधल्या निम्म्या मला पुरुषच वाटल्या, खांद्यांवरून कळतं.

जुनी_रिळं

काकू, खांदे बरोबर ओळखलेत. त्या पाठलागातल्या बऱ्याच बायका म्हणजे साड्यांऐवजी झगे घातलेले पुरुषच आहेत. धावायचं, पडायचं, एकमेकांच्या अंगावर कोसळायचं, म्हणून कसरतवाले गडी घेतलेले.

कीटनशी तुलना मात्र मला मान्य नाही. मध्ये दहा-बारा वर्षं गेलीत आणि त्या वर्षांत सिनेमा पार बदलला. पण तुमचा मूळ आक्षेप खरा आहे. डीडचे पाच सिनेमे सलग बघितले तर डोकं दुखतं. ते तसे बघायचेच नव्हते. एखादा रडका प्रसंग, एखादी पूर आल्याची बातमी, एखादं निसर्गदृश्य, आणि मधे पाच-सहा मिनिटं हा. तेवढ्यापुरता तो हवाच.

आणि तो लग्नाचा सिनेमा तुम्ही शेवटपर्यंत पाहिलात का? कारण खरी गंमत शेवटी आहे. बायका त्याला गाठतात आणि प्रेमाच्या भरात अक्षरशः फाडतात. हात एकीकडे, पाय दुसरीकडे. मग त्या घाबरून पळून जातात, चौकट रिकामी होते, आणि जमिनीवरचे तुकडे हळूहळू सरकत एकत्र येतात, जुळतात, आणि तो उठून उभा. १९०१ मध्ये मेलिएसकडे जे झालं तेच, पण आता त्याला कारण आहे. तिथे जादू होती, इथे गर्दी आहे. लोकप्रिय नटाचं लोक काय करतात हे १९०९ मध्ये, 'स्टार' ही भानगड धड सुरूही झाली नव्हती तेव्हा, त्याने दाखवून ठेवलंय. तेही स्वतःच्या अंगावर.

खडूस_काकू

शेवटपर्यंत पाहिला हो. तो शेवट आवडला. त्याच्या आधीचं निम्मं कापलं असतं तरी चाललं असतं.

बोरीबंदर

अवांतर होईल, पण पुरुषांनी बायका होण्याचा विषय निघालाय म्हणून. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'त तारामती झाले ते अण्णा साळुंके. तिथे कारण वेगळं होतं, काम करायला बाई मिळेना. पुढे 'मोहिनी भस्मासुरा'त दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या तेव्हा तो प्रश्न त्या सिनेमापुरता सुटला. तोरिनोत बायका मिळत होत्या, पण आपटायला पुरुष बरे असा हिशेब दिसतो.

आता जरा विषयाकडे. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ ला गिरगावात कॉरोनेशनमध्ये लागला, त्याची जाहिरात अनेकांनी पाहिली असेल. त्या खेळात नुसता हरिश्चंद्र नव्हता. मिस आयरीन डेलमारचं गाणं-नृत्य, मॅकक्लेमेंट्स यांचं प्रहसन, पायांनी वस्तू झेलणारा अलेक्झांडर, आणि 'टिप-टॉप कॉमिक्स'. म्हणजे विनोदी फिती. कुणाच्या ते जाहिरात सांगत नाही, कारण सांगायची पद्धतच नव्हती! विनोदी फीत म्हणजे विनोदी फीत. धागाकर्त्यांनी म्हटलंय की नट कुणाला माहीतच नव्हता, ते आपल्या गिरगावातही तितकंच खरं.

पाथेचा कारभार त्या काळी मुंबईतही होता आणि आपल्याकडच्या तंबू-थिएटरांतून त्यांचा माल सर्रास फिरायचा. स्वतः फाळक्यांनीही पौराणिकासोबत 'पिठाचे पंजे' नावाची छोटी विनोदी फीत काढली, 'मोहिनी भस्मासुरा'बरोबर दाखवायला. मुख्य जेवणाबरोबर पानात डावीकडे काहीतरी चटपटीत हवंच हा रिवाज तेव्हा जगभर होता.

तोरिनोची_मावशी

मी गेली काही वर्षं तोरिनोत आहे म्हणून हा धागा बघून उडालेच. इथे कुणाला विचारलं तर डीड माहीत नाही, पण आजीच्या वयाच्या शेजारणीला 'क्रेतिनेत्ती' हा शब्द माहीत आहे! लहान मुलाने काही सांडलं-लवंडलं की म्हणायचा शब्द म्हणून. तो कुण्या नटाचा होता हे तिला मी सांगितलं.

इथलं सिनेमाचं राष्ट्रीय संग्रहालय मोले आन्तोनेल्लियाना या उंच मनोऱ्याच्या इमारतीत आहे. आत गेलात की पास्त्रोनेच्या 'काबिरिया'तला मोलोख देव दिसतो, प्रचंड, पंखवाला, तोंड वासून बसलेला. लोक त्याच्याबरोबर फोटो काढतात. १९१४ चा सिनेमा, तीन तासांच्या आसपासचा, त्यात कार्थेज, ज्वालामुखी, आल्प्स ओलांडणारा हॅनिबल, काय नाही ते. आता गंमत बघा, हा डोलारा उभा करणारी कंपनी आधी चालली कशावर? त्या पाच-सहा मिनिटांच्या धडपडीवर! इताला फिल्मचं नाव देशोदेशी पोचवलं ते क्रेतिनेत्तीने. मोलोखला अख्खी जागा मिळाली आणि ज्याने कंपनी जगवली तो कुठेतरी एका काचेच्या मागे. मला हे बघून जरा रागच आला.

तिरकस

मावशी, कमावणारा एक आणि पाटी दुसऱ्याची, हे सिनेमातच होतं असं थोडंच आहे.

कॅमेऱ्यामागे

ते तुकडे जुळण्याचं दृश्य कसं केलं असेल ते लिहितो, कारण प्रश्न येणारच.

मुख्य हत्यार म्हणजे कॅमेरा थांबवणं. हाताने दांडा फिरवायचा कॅमेरा, तिवईवर घट्ट. एका क्षणी दांडा थांबवायचा. सगळ्यांनी आहे तिथे पुतळ्यासारखं उभं राहायचं. नटाने उठून बाहेर जायचं, त्याच्या जागी त्याच्याच कपड्यातला बाहुला ठेवायचा, पुन्हा दांडा फिरवायचा. आता बायका ओढतात तो बाहुला. नंतर फीत धुतल्यावर जिथे थांबलो होतो तिथल्या दोन-चार चौकटी कापून नीट जोडायच्या, नाहीतर धक्का दिसतो. मेलिएस यात उस्ताद होता, आणि डीड त्याच्याकडूनच आलेला.

मुंडकं उडून जाण्यासारखी दृश्यं वेगळी. त्यात मागे काळा पडदा, नटाचं बाकी अंग काळ्या कापडात आणि एकच फीत दोनदा चालवायची. काळा भाग फितीवर उमटत नाही, त्यामुळे दुसऱ्या वेळी तिथे हवं ते उतरवता येतं.

यात नटाचं कसब कुठे लागतं, तर थांबण्यात. कॅमेरा थांबला की त्याच पोझमध्ये राहणं आणि सुरू झाला की त्याच वेगाने पुढे जाणं हे कसरतवाल्याला जमतं, नाटकातल्या नटाला जड जातं. डीडचे सांधे बघा, तोडून जोडल्याचं कळतच नाही.

एक_शंका

सगळं ठीक, पण मग जगातला पहिला चित्रपट-तारा कोण? लिंडर असंच वाचत आलोय. तुम्ही डीडला पुढे करताय.

जुनी_रिळं

'पहिला' या शब्दावरून धागा दोनशे प्रतिसादांपर्यंत जाऊ शकतो, म्हणून थोडक्यात.

लिंडर १९०५ पासून पाथेत होता, पण तेव्हा मिळेल ते काम करायचा. डीड गेल्यावर कंपनीला विनोदी माणूस हवा होता, आणि १९१० पर्यंत 'मॅक्स' हे पात्र पक्कं झालं. उंची टोपी, मिशी, काठी, हातमोजे. बोर्दोजवळच्या द्राक्षमळेवाल्या घरातला मुलगा, त्यामुळे तो तोरा त्याला शोभायचाही. मुख्य फरक असा की पात्राचं नाव आणि नटाचं नाव एकच. पोस्टरवर मॅक्स, पडद्यावर मॅक्स, पत्र लिहायचं तर मॅक्सला. म्हणून जो गाजला तो माणूस म्हणून गाजला. तारा म्हणायचं तर लिंडरलाच म्हणा, माझी हरकत नाही. डीड त्याच्या आधीचा टप्पा आहे, पात्र जगभर पोचलं पण माणूस पोचला नाही.

विनोदाचीही जात वेगळी. लिंडरचा विनोद असा, की सभ्य माणूस अडचणीत येतो आणि सभ्यता सोडायला तयार होत नाही. डीडकडे सभ्यतेचा प्रश्नच नाही. तो पोरकट आहे, खादाड आहे, आणि सांगितलेली गोष्ट शब्दशः करतो. हे शेवटचं फार महत्त्वाचं. त्याच्या चांगल्या सिनेमांत तो खोडसाळपणा करत नाही, आज्ञा पाळतो. सगळा विध्वंस त्या आज्ञाधारकपणातून होतो.

तिरकस

म्हणजे आमच्या ऑफिसातला नवा पोऱ्या.

सुपारी_कात्रण

फ्रेंच पब्लिकला तो परत मिळाला की नाही मग?

जुनी_रिळं

मिळाला. १९११ अखेर तो इतालाहून परत पाथेकडे आला. इतालाने त्याच्या जागी एमिल व्हार्दान नावाचा दुसरा फ्रेंच माणूस घेतला आणि 'तोतो' मालिका सुरू केली. पाथेपुढे वेगळाच पेच. हा माणूस त्यांनी बुआरो म्हणून गाजवलेला, आणि मधली तीन वर्षं फ्रेंच लोक त्याला ग्रिबूय म्हणून ओळखत होते. तेव्हा १९१२ मध्ये त्यांनी सरळ एक सिनेमाच काढला, 'ग्रिबूय पुन्हा बुआरो होतो' अशा नावाचा! कंपनी बदलली म्हणून पात्राने नाव बदललं, ही कागदोपत्री बाब त्यांनी विनोदाचा विषय करून टाकली. मला हे फार आवडतं.

त्याच्याबरोबर तोरिनोहून व्हालेन्तिना फ्रास्कारोली आली, त्याची पडद्यावरची जोडीदार आणि पुढे बायको. ग्रिबूयची म्हणून तिचं नाव ग्रिबुयेत. हिच्यावर स्वतंत्र लिहायला हवं. पुढे १९१६ मध्ये पास्त्रोनेच्या 'तिग्रे रेआले' या गंभीर सिनेमातही ती आहे, म्हणजे नुसती हसवणारी नव्हती.

दुसऱ्यांदा पाथेत मात्र काळ त्याच्या बाजूने राहिला नव्हता. विनोदी मालिकांचा तोवर बाजार भरला होता. पाथेतच लिंडर आणि 'रिगादँ' म्हणजे शार्ल प्रँस. गोमों कंपनीत 'कालिनो' क्लेमां मेझे, 'ओनेझिम' एर्नेस्त बूर्बों, शिवाय पोरांच्या मालिका. इटलीत 'पोलिदोर', 'रोबिने', 'क्री क्री'. यातली निम्मी माणसं सर्कशीतून नाहीतर संगीत-हॉलमधून आलेली. ओनेझिमचा घड्याळवाला सिनेमा (१९१२) मिळाला तर चुकवू नका. काकाची इस्टेट वीस वर्षांनी मिळणार असते म्हणून हा पॅरिसची घड्याळंच भरधाव सोडतो, आणि अख्खं शहर त्या वेगाने पळायला लागतं. डीडने घरातलं फर्निचर मोडलं, ओनेझिमवाल्यांनी थेट काळ मोडला. पुढे जायचा रस्ता तो होता, आणि डीडला तो सापडला नाही असं माझं मत.

मग १९१४ ला युद्ध लागलं आणि फ्रान्समधलं चित्रीकरण जवळजवळ थांबलं. १९१५ ला डीड पुन्हा तोरिनोत, पुन्हा क्रेतिनेत्ती. तिथे त्याने जो सिनेमा केला तो काकूंनी बघाच. शत्रूच्या विमानांची भीती हा विषय.

इटली मे १९१५ मध्ये युद्धात उतरली. सिनेमात क्रेतिनेत्तीचं लग्न लागलेलं, नवरी म्हणजे फ्रास्कारोली. भिंतीवर सरकारी सूचना लागलीय, हवाई हल्ला झाला तर काय करावं. पाणी भरून ठेवा, वाळू साठवा वगैरे. तो ती वाचतो. आणि बस्स. एवढंच त्याला पुरतं. पहिली रात्र, नवरी वाट बघतेय, आणि हा घरात वाळू आणि पाणी भरतोय. किती भरावं हे सूचनेत नाही, म्हणून भरतच राहतो. घराची जी दशा होते ती करायला शत्रूचं विमान लागत नाही.

बाहेर खरं युद्ध चालू असताना, खऱ्या सरकारी सूचना खऱ्या भिंतींवर असताना हा सिनेमा लोकांनी पाहिला. चेहऱ्याकडे बघा त्यात. वेडेवाकडे हावभाव तिथे बरेच कमी झालेत. तो मनापासून काळजीत आहे, बायकोला वाचवायचंय त्याला. मला त्याचं सगळ्यात चांगलं काम हे वाटतं.

खडूस_काकू

पाहिला. हा आवडला, तुमचं म्हणणं मान्य. तिचा वैताग फार खरा आहे. एकदा तर ती नुसती उभी राहून त्याच्याकडे बघते, त्या बघण्यात संसाराची पुढची तीस वर्षं दिसली मला.

रोबोट_आणि_रस्सा

अरे, हा तोच डीड का? 'लुओमो मेक्कानिको' म्हणजे 'यांत्रिक माणूस'वाला? मी याला विज्ञानपटांच्या बाजूने ओळखतो!

१९२१ चा सिनेमा, मिलानो फिल्म्सचा. दिग्दर्शन याचंच, आणि 'साल्तारेल्लो' नावाचं विनोदी कामही याचंच. एका शास्त्रज्ञाने दुरून चालवता येणारा अजस्र यांत्रिक माणूस बनवलाय. मादो नावाची गुन्हेगार टोळीवाली त्याच्या मागावर, आणि ही मादो म्हणजे फ्रास्कारोलीच. यंत्र तिच्या हाती लागतं आणि ती त्याच्याकडून दरोडे घालवते. एका प्रसंगात हा लोखंडी राक्षस मुखवट्यांच्या नाचात जाऊन उभा राहतो आणि लोकांना वाटतं काय झकास सोंग आणलंय कुणीतरी. शेवटी दुसरा यांत्रिक माणूस त्याच्यावर सोडतात आणि ऑपेरा थिएटरात दोघांची जुंपते. दोन यंत्रमानवांची मारामारी पडद्यावर आणणारा इतका जुना सिनेमा मला दुसरा माहीत नाही. त्याच वर्षी जानेवारीत प्रागमध्ये कारेल चापेकचं 'आर. यू. आर.' हे यंत्रमानवांवरचं नाटक रंगमंचावर आलं होतं, म्हणजे विषय हवेतच होता.

सिनेमा बरीच वर्षं हरवलेला धरला जात होता. मग ब्राझीलमध्ये, साओ पाउलोच्या संग्रहात एक तुटकी प्रत सापडली, पोर्तुगीज पाट्यांची. बोलोन्याच्या सिनेटेकाने, म्हणजे तिथल्या चित्रपट-संग्रहाने, ती दुरुस्त केली. आज बघायला मिळतात ती साधारण २६ मिनिटं, मूळ सिनेमा तासाच्या वर होता. त्यामुळे गोष्ट अधूनमधून उड्या मारते, पण राक्षस चालायला लागला की कुणाला पर्वा.

डीडला मी तोवर 'मधे मधे येणारा तो विनोदी प्राणी' एवढंच समजत होतो.

जुनी_रिळं

हो, तोच. आणि तुमचं 'मधे मधे येणारा' हे वाक्य अगदी बरोबर आहे. त्याच्या स्वतःच्या सिनेमात तो मधे मधे येतो. यंत्र आणि मादो यांच्यापुढे साल्तारेल्लो फिका पडतो. दिग्दर्शक डीडला काहीतरी नवं दिसत होतं, नट डीड १९०९ मध्येच अडकलेला.

बाकी, यांत्रिक माणूस हाही त्याच्या जुन्याच पात्राचा भाऊ समजा. सांगितलेलं करणारा, थांबायचं कुठे हे न कळणारा.

कॅमेऱ्यामागे

हे छान सांगितलंत. क्रेतिनेत्तीच्या अंगातली मोडतोड काढून लोखंडात भरली.

तोरिनोची_मावशी

पुढे काय झालं त्याचं? इटलीत तर विशीच्या दशकात सगळ्या कंपन्या डबघाईला आल्या.

जुनी_रिळं

तो फ्रान्सला परतला. तोवर फ्रेंच लोकांचा लाडका 'शार्लो' होऊन बसला होता, म्हणजे चॅप्लिन. डीडला किरकोळ कामं मिळत राहिली, मालिका नाही. लिंडरचाही शेवट वाईट झाला, १९२५ मध्ये पॅरिसमध्ये तो आणि त्याची तरुण बायको दोघंही गेले. पण तो गेला तेव्हा वर्तमानपत्रांत पहिल्या पानावर होता. पुढे त्याची मुलगी मोद हिने आयुष्यभर खपून वडिलांच्या फिती शोधल्या, त्यांच्यावर सिनेमे केले, पुस्तक लिहिलं. डीडसाठी असं खपणारं कुणी नव्हतं. दोघांच्या आजच्या प्रसिद्धीत जो फरक आहे त्यातला बराचसा मी मोदबाईंच्या खात्यावर टाकीन.

डीडच्या शेवटच्या वर्षांबद्दल चित्रपट-इतिहासाच्या पुस्तकांत येतं ते असं, की तो जॉइनव्हीलच्या पाथे स्टुडिओत राखणदारीचं काम करत होता. ज्या कंपनीला त्याने पहिली विनोदी मालिका दिली त्याच कंपनीत. ४ ऑक्टोबर १९४० ला पॅरिसमध्ये वारला. जून महिन्यातच जर्मन सैन्य शहरात शिरलेलं. अशा दिवसांत एका जुन्या विदूषकाची बातमी कोण छापणार.

तिरकस

इथे मात्र काही तिरकस सुचत नाहीये.

बोरीबंदर

एक प्रश्न. इतक्या फिती राहिल्या तरी कशा? आपल्याकडे फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'चीसुद्धा पूर्ण प्रत नाही, पहिलं आणि शेवटचं रीळ तेवढं पुण्याच्या संग्रहालयात पोचलं.

कॅमेऱ्यामागे

नायट्रेटची, म्हणजे चटकन पेट घेणारी, फीत दोघांकडे सारखीच. आगीला अर्धी, दमट हवेला अर्धी. फरक प्रतींच्या संख्येत आहे. फाळक्यांच्या प्रती मोजक्या निघायच्या आणि फाटेपर्यंत चालवल्या जायच्या. पाथे किंवा इतालाच्या प्रती वीस-पंचवीस देशांत जायच्या, त्यातली एखादी कुठेतरी थंड कोरड्या माळ्यावर विसरली जायची.

सगळ्यात मोठा विसरलेला माळा म्हणजे हॉलंडचा जाँ देस्मेत. थिएटरं चालवायचा, फिती वितरित करायचा, आणि काही म्हणून टाकायचा नाही. फिती, पोस्टरं, पत्रव्यवहार, बिलं, सगळं ठेवून दिलं. नऊशेच्या वर फिती, बहुतेक १९१० च्या आसपासच्या, आज अॅमस्टरडॅमच्या 'आय' नावाच्या चित्रपट-संग्रहालयात आहेत. २०११ मध्ये युनेस्कोने जागतिक स्मृतीच्या यादीत घेतला तो संग्रह. त्या काळचा फ्रेंच-इटालियन विनोद आज बघायला मिळतो त्यात या न टाकणाऱ्या माणसाचा मोठा वाटा आहे.

खडूस_काकू

घरात पसारा ठेवणाऱ्या नवऱ्यांनी हा प्रतिसाद बायकांना दाखवू नये ही विनंती.

एक_शंका

जुनी_रिळं, नवख्याने कुठून सुरू करावं? क्रम सांगा.

जुनी_रिळं

आधी मेलिएसचा १९०१ चा हातपाय सुटणारा तुकडा, दोन मिनिटांचं काम. मग बायका मागे लागण्याचा. मग थेट विमानांच्या भीतीचा. वेळ असेल तर यांत्रिक माणूस. मधले सगळे सुट्टीच्या दिवशी एकेक करून, सलग नको, काकूंचा अनुभव लक्षात घ्या. आणि संगीत आवडलं नाही तर बंद करा, या फितींवर मागाहून चढवलेला पियानो कधीकधी नको तितका आनंदी असतो.

तोरिनोची_मावशी

एक राहिलं. या सगळ्यात बायका विनोदी नट कुठे? फ्रास्कारोली सोडून कुणी?

जुनी_रिळं

होत्या, आणि चांगल्या दणकट होत्या. सारा दुआमेलची 'रोझाली' आहे, गोलमटोल बाई, हसायला लागली की अख्खा जिना हलतो. 'कुनेगोंद' आहे, 'लेओंतीन' आहे. ही लेओंतीन म्हणजे घरभर आगी लावत आणि पाणी सोडत फिरणारी पोरगी, आणि तिचं काम करणाऱ्या नटीचं नावच कुणाला माहीत नाही. डीडला सहा नावं तरी होती. २०२२ मध्ये या बायकांच्या ९९ फितींचा एक संच निघालाय, त्यात या तिघीही भेटतात.

मावशी, तुम्ही संग्रहालयाच्या दारातच आहात. फ्रास्कारोलीवर धागा तुम्ही काढा, मी रोझालीवर काढतो.

तोरिनोची_मावशी

घेतलं अंगावर. पण गणपती झाल्यावर, इथल्या मंडळाचा प्रसाद यंदा माझ्याकडे आहे.

खडूस_काकू

रोझालीचा धागा आधी येऊ दे.